वायफाय जोडलेलं नसलं तरी लोकेशन सुधारतं

'नेट मोबाइल डेटावर असेल तर वायफाय चालू ठेवून लोकेशनला काय फायदा' असं काही जण म्हणतात, ते पटत नाही. फोन राउटरला जोडलेला असावाच लागत नाही. आसपासच्या राउटरचे बीएसएसआयडी (म्हणजे राउटरचे ओळख क्रमांक) आणि प्रत्येकाचा सिग्नल किती जोराचा, एवढंच तो वाचतो आणि कुठला राउटर कुठे आहे याच्या गूगल किंवा अ‍ॅपलच्या साठ्याशी ताडून जागा काढतो. अँड्रॉइडमध्ये सेटिंग्ज, लोकेशन, लोकेशन सर्व्हिसेस या वाटेने 'वायफाय स्कॅनिंग' चालू केलं की वायफायचं बटण बंद असतानाही हे काम चालतं (काही कंपन्या मेनूची नावं बदलतात, तेवढं शोधावं लागतं). आयफोनवर मात्र अ‍ॅपच्या परवानगीतलं 'प्रिसाइज लोकेशन' (अ‍ॅपला नेमकी जागा कळू द्यायची की नाही) आधी बघा. ते बंद असेल तर बाकी सगळी खटपट फुकट.

घर बदललं आणि राउटर सोबत नेला, की घरात बसून नकाशा जुनाच पत्ता दाखवतो आणि गच्चीत गेल्यावर सुधारतो. दोष जीपीएसचा नाही. साठ्यात त्या राउटरची जुनी जागा आहे. शेजारचे राउटर कमी असले तर हे जास्त जाणवतं. राउटर थोडा वेळ बंद करून पाहा, लगेच कळेल. नेटवर्कच्या नावाच्या शेवटी अंडरस्कोअर आणि 'नोमॅप' (_nomap) जोडलं तर गूगल तो राउटर लोकेशनसाठी वापरत नाही.

कितव्या मजल्यावर आहात हे कळायला बॅरोमीटरवाला, म्हणजे हवेचा दाब मोजणारा फोन हवा. तीन मीटर चढलं की दाब साधारण 0.36 हेक्टोपास्कलने उतरतो.