मदत हवी आहे: नर्सला शिवीगाळ, पोलिसांनी फक्त एनसी (अदखलपात्र नोंद) घेतली

जळगाव जिल्ह्यात ३० खाटांच्या खासगी दवाखान्यात स्टाफ नर्स आहे. परवा नाइटला सलाईन बदलायला उशीर झाला म्हणून पेशंटच्या भाच्याने आईबहिणीवरून शिव्या दिल्या, ‘बाहेर भेट, दाखवतो’ म्हणाला. (अहिराणीत उत्तर मलाही देता आलं असतं, पण ड्युटीवर होते.) हात लावला नाही, तोडफोड नाही.

डॉक्टर-नर्स आणि दवाखान्यांवरचा हिंसाचार रोखण्यासाठीच्या राज्याच्या २०१० च्या कायद्यात हिंसाचाराच्या व्याख्येत धमकावणं, कामात अडथळा हेही येतं, गुन्हा दखलपात्र आहे (म्हणजे थेट एफआयआर घ्यायला हवा), हे ठाण्यात सांगितलं. ‘मारहाण कुठे झाली?’ म्हणाले.

सीसीटीव्हीत आवाज नाही. आयाबाई साक्ष देईल. मॅनेजमेंट तक्रारीसाठी दवाखान्याचं पत्र देत नाही, नोकरी सोडणं परवडणार नाही.

दवाखान्याच्या पत्राशिवाय, एकटीच्या अर्जावर या कायद्याखाली कुणाचा एफआयआर झालाय का? झाला असेल तर एसपी (पोलीस अधीक्षक) ऑफिसला दिलेल्या अर्जात नेमकं काय लिहिलं होतं?