स्नोमोबाईलवरून नॉर्दर्न लाइट्स बघायला गेलेल्यांनो, तुमचे अनुभव लिहा (अनुभव धागा)

नमस्कार मंडळी. येत्या फेब्रुवारीत आईबाबा सांगलीहून आमच्याकडे हेलसिंकीला येतायत आणि आईने फोनवर एकच मागितलंय, "ते आकाशातलं हिरवं मला दाखव." आई ६४ ची, बाबा ६८ चे, दोघं तब्येतीने ठीक आहेत, पण बर्फ कधी बघितलेला नाही. कुणी कुठून गेलात, कधी, थंडी किती होती, दिसलं का, ती बर्फावर चालवायची गाडी (स्नोमोबाईल) झेपली का, सगळं सविस्तर लिहा, खूप मदत होईल.

आधी माझा अनुभव देते. दोन वर्षांपूर्वी जानेवारीत मी आणि नवरा फिनलंडच्या उत्तरेला, लॅपलंडमधल्या सारीसेल्काला गेलो होतो, हेलसिंकीहून विमानाने इवालो आणि तिथून अर्धा तास बस. रात्री आठला ट्रिप निघाली, सात गाड्यांची रांग, सगळ्यात पुढे गाईड. आणि आभाळ गच्च भरलेलं, एक चांदणी म्हणून दिसली नाही. जंगलात एका लाकडी झोपडीत शेकोटीभोवती बसलो, ब्लूबेरीचा गरम रस प्यायलो आणि परत आलो. पैसे परत मिळणार नाहीत हे बुकिंगच्या वेळीच लिहिलेलं होतं, त्यामुळे तक्रार काही नाही, पण ज्यासाठी गेले होते तेच राहिलं म्हणून परतीच्या विमानात मला रडू आवरेना. म्हणून यावेळी नीट विचारून जायचंय.

* * *

आम्ही पण सारीसेल्कालाच, पण मार्चच्या पहिल्या आठवड्यात गेलो होतो आणि माझं ठाम मत आहे की जमत असेल तर मार्चच धरा. बर्फ भरपूर असतो, आभाळ मोकळं मिळायची शक्यता डिसेंबर-जानेवारीपेक्षा चांगली, आणि विषुवदिनाच्या आसपास ऑरोरा (म्हणजे हेच नॉर्दर्न लाइट्स) जास्त खेळतो असं निरीक्षण आहे.

आता गाडीचं सांगतो, कारण मला जाण्याआधी हे कुणीच सांगितलं नव्हतं. ॲक्सिलरेटर मुठीत पिळायचा नसतो, उजव्या अंगठ्याने एक छोटा खटका दाबायचा असतो. ब्रेक डाव्या हाताला. हँडलच्या मुठी आतून गरम होतात, त्याचं बटण कुठे आहे ते निघायच्या आधीच विचारून घ्या. एक पीळदार दोरी असते ती जॅकेटला किंवा मनगटाला अडकवायची, तुम्ही पडलात की ती निघते आणि इंजिन बंद. वळणावर अंग वळणाच्या बाजूला झुकवावं लागतं, मागे बसणाऱ्यानेही, नाहीतर गाडी सरळच जायला बघते. फिनलंडमध्ये चालवणाऱ्याकडे लायसन्स हवंच, आमच्याकडे तपासलं. ओव्हरऑल, बूट, हेल्मेट, जाड हातमोजे ते देतात, पण आतले कपडे आपले, आणि तिथे सुती अजिबात घालू नका. घाम आला की सुती ओलं राहतं आणि मग गाडी थांबली की जी हुडहुडी भरते ती शेकोटीनेही जात नाही. मेरिनो लोकरीचे आतले कपडे घ्या, महाग आहेत पण घ्या.

त्या रात्री उणे २२ होतं. तासभर चालवून एका गोठलेल्या तळ्याच्या मधोमध आलो आणि गाईडने हात वर करून सगळ्यांना थांबवलं, इंजिनं बंद करायला लावली, दिवे घालवायला लावले. इतका वेळ कानात नुसती घरघर आणि पेट्रोलचा वास, आणि एकदम काहीच नाही. गरम इंजिन निवताना टिक टिक करतं तेवढाच आवाज. उत्तरेला झाडांच्या शेंड्यांवर एक फिकट पट्टा होता, मला वाटलं ढग आहे, चुलीचा धूर आडवा पसरतो ना तसा, राखाडी. बायको म्हणाली अरे हा हलतोय. मग तो मधूनच उजळला, हिरवा झाला, आणि बघता बघता डोक्यावर आला, त्याच्या खालच्या कडेला गुलाबी रेघ पळत गेली, या टोकापासून त्या टोकापर्यंत, दोन सेकंदात. मी हेल्मेट काढायचं विसरून काचेतूनच बघत होतो, आणि श्वासाने काच गोठली तेव्हा भानावर आलो. डोळ्यांचं पारणं फिटणं म्हणजे काय ते त्या तळ्यावर कळलं. अख्खा खेळ वीस मिनिटं चालला असेल.

फिनिश भाषेत याला रेवोन्तुलेत म्हणतात, म्हणजे कोल्ह्याचा अग्नी. कोल्हा बर्फावरून धावताना शेपटी घासतो आणि ठिणग्या उडतात अशी जुनी गोष्ट आहे, गाईडने तिथेच तळ्यावर सांगितली.

* * *

मी थोडं वेगळं सांगेन. फक्त लाइट्स बघायचे असतील तर स्नोमोबाईल नको. आम्ही ट्रोम्सोला होतो, नॉर्वेत. स्नोमोबाईल ठरलेल्या वाटेवरच जाते, तिथे ढग असतील तर संपलं. मिनीबसवाले मात्र संध्याकाळी ढगांचा नकाशा बघून जिकडे आभाळ मोकळं तिकडे नेतात. आमच्या रात्री किनाऱ्यावर ढग होते तर गाईडने बस स्किबोटनच्या बाजूने आत घेतली आणि शेवटी फिनलंडची हद्द ओलांडली, एका बाजूने अडीच तास. रात्री एकला दिसले आणि भरभरून दिसले. स्नोमोबाईल दिवसाउजेडी करा ना, निसर्ग तरी दिसेल. आईबाबांना तीन रात्री तरी हातात ठेवून न्या, एका रात्रीच्या भरवशावर नेऊ नका.

* * *

वरच्याशी सहमत, पण तळ्यावर इंजिन बंद झाल्यावरची ती शांतता बसमध्ये मिळत नाही. ज्याने अनुभवली त्यालाच कळेल.

* * *

माझा अनुभव चांगला नाही तरी लिहिते, कुणाचा तरी पाय वाचेल. आम्ही पुण्याचे, कॉलेजपासून स्कूटर चालवतोय, तोल गेला की पाय जमिनीला टेकवायचा हे अंगात भिनलेलं. तिथे नेमकं हेच करायचं नसतं! गाईडने सांगितलं होतं, पाय काहीही झालं तरी आत ठेवा, पण अंधारात डाव्या वळणावर गाडी कलली आणि माझा पाय आपोआप बाहेर गेला. मऊ बर्फात गुडघ्यापर्यंत रुतला आणि गाडी पुढे. गुडघा पिरगळला, सहा आठवडे पट्टा होता. गाडी एका झाडाला घासली होती त्याची भरपाई आमच्याकडून घेतली, करारात एका ठराविक रकमेपर्यंत जबाबदारी चालवणाऱ्याची असं होतं आणि आम्ही ते न वाचता सही केली होती. वरून आमच्या ट्रॅव्हल इन्शुरन्समध्ये स्नोमोबाईल चालवणं वगळलेलं निघालं. दोन्ही कागद निघायच्या आधी वाचा, कृपा करून. थोडे जास्त पैसे भरून ती रक्कम कमी करून मिळते का तेही विचारा. आईबाबांना चालवायला अजिबात देऊ नका, मागेही बसवू नका, गाईडच्या गाडीमागे स्लेज, म्हणजे बर्फावरून घसरत जाणारी बिनचाकाची गाडी, जोडलेली असते त्यात बसवा. आमच्या ग्रुपमधली मुलं तशीच गेली, १४० सेंमीच्या खालच्यांना मागे बसायला परवानगीच नव्हती.

* * *

स्वालबार्डला, नॉर्वेच्याही उत्तरेच्या त्या बेटांवर, कुणी गेलं नाही का? मी जानेवारीत लाँगियरब्येनला होतो, ७८ अंश उत्तर. तिथे त्या दिवसांत सूर्य उगवतच नाही, नोव्हेंबर ते जानेवारी भर दुपारीही काळोख, त्यामुळे ऑरोरा दुपारी बारालासुद्धा दिसू शकतो. जगात अशा जागा फार थोड्या आहेत. आम्हाला दुपारच्या जेवणाआधी दिसला, हिरवा कमी आणि लालसर जास्त, मंद, आणि मी तो दहा मिनिटं बघत उभा राहिलो तेव्हा घड्याळात पावणेबारा झाले होते हे अजून मनाला पटत नाही.

गावाबाहेर रस्तेच नाहीत, हिवाळ्यात लोकांची रोजची ये-जा स्नोमोबाईलवर. गाईडच्या पाठीला रायफल होती, पांढऱ्या अस्वलांसाठी. आपल्या लोकांसाठी महत्त्वाचं म्हणजे व्हिसा. स्वालबार्डला व्हिसा लागत नाही, पण ते शेंगेनमध्येही (युरोपातल्या एकाच व्हिसावर फिरता येणाऱ्या देशांच्या गटात) नाही, म्हणजे नॉर्वेतून तिकडे गेलात की तुम्ही शेंगेनबाहेर पडलात आणि येताना पुन्हा आत येणार. सिंगल एंट्रीवर जाऊ नका, डबल किंवा मल्टिपलच हवा. आमच्याबरोबरच्या एकाला हे विमानतळावर कळलं आणि तो तिथूनच परत फिरला. आणखी एक, तिथून शंभरेक किलोमीटरवर नी-ओलेसुंडला आपलं हिमाद्री संशोधन केंद्र आहे, २००८ पासून. जायला मिळालं नाही, पण गाईडला त्याबद्दल माहिती होती आणि त्याने आपणहून विषय काढला तेव्हा फार अभिमान वाटला.

वयस्कर माणसांना मात्र स्वालबार्ड नको, थंडीपेक्षा वारा भारी आहे.

* * *

अलास्का, फेअरबँक्स. तिकडे स्नोमोबाईल म्हटलं की लोक बघत राहतात, स्नोमशीन म्हणायचं. सासूबाई ७१ च्या होत्या म्हणून आम्ही चेना हॉट स्प्रिंग्सला पट्ट्यांवर चालणाऱ्या बंद गाडीतून डोंगरमाथ्यावर गेलो, वर गरम तंबू, आत बसायचं, दिसलं की बाहेर यायचं. उणे ३४. पापण्या एकमेकींना चिकटत होत्या. मोबाईल ६० टक्क्यांवरून थेट बंद, तेव्हा जादा बॅटरी आतल्या खिशात अंगाला लागून ठेवा. आणि कॅमेरा परत आत नेताना पिशवीत घट्ट बंद करूनच न्या, नाहीतर लेन्सला सगळं दव धरतं. शाकाहारी असाल तर बुकिंग करतानाच लिहून कळवा, शेकोटीवर बहुतेक ठिकाणी सॉसेजच असतं. आम्ही दशम्या नेल्या होत्या त्या दगड झाल्या, शेकोटीजवळ धरून खाल्ल्या, छान लागल्या.

* * *

वर कुणीतरी राखाडी दिसलं म्हणालंय ते बरोबर आहे. मी भौतिकशास्त्र शिकवतो म्हणून थोडं. सूर्याकडून आलेल्या कणांचा प्रवाह पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राला ढवळतो, त्यातून इलेक्ट्रॉन वेग घेऊन ध्रुवांभोवतीच्या हवेवर आदळतात. साधारण १०० ते १५० किमी उंचीवर ऑक्सिजन हिरवा प्रकाश देतो, २०० किमीच्या वर लाल, आणि खालची गुलाबी-जांभळी कड नायट्रोजनची. प्रकाश मंद असेल तर आपल्या डोळ्याला रंग कळत नाही, कॅमेऱ्याला पाच-दहा सेकंदांत कळतो, म्हणून फोटो हिरवा आणि डोळ्यांना राखाडी. हे आईला आधी सांगून ठेवा, नाहीतर तिला वाटेल आपल्याला दिसलंच नाही. केपी आकडा (पृथ्वीचं चुंबकीय क्षेत्र किती ढवळलंय ते सांगणारा) १-२ असला तरी लॅपलंडमध्ये दिसतं, त्याच्या मागे लागू नका, ढगांकडे बघा. १०-११ मे २०२४ च्या मोठ्या सौर वादळात लडाखला हानलेच्या वेधशाळेच्या कॅमेऱ्यांनीही लाल झळाळी टिपली होती, पण ते क्वचित.

* * *

धागाकर्ती परत आलेय. सगळ्यांचे मनापासून आभार, तुमच्या जिवावर हे जमलं.

मार्च जमला नाही, बाबांचं परतीचं तिकीट आधीच होतं, पण फेब्रुवारीच्या शेवटी चार रात्री ठेवल्या. पहिल्या दोन ढगात गेल्या. तिसऱ्या रात्री आम्ही दोघं गाडीवर आणि आईबाबा गाईडच्या मागच्या स्लेजमध्ये, रेनडिअरच्या कातड्यावर, वरून दोन ब्लँकेटं. धक्के बसतात हे कुणी लिहिलं नव्हतं म्हणून लिहिते, बाबांची पाठ दुसऱ्या दिवशी धरली होती, खाली जाड गादी मागून घ्या. आणि स्लेजमध्ये बसणाऱ्याच्या तोंडावर पुढच्या गाडीने उडवलेला बर्फ येतो, गॉगल हवाच.

तळ्यावर थांबलो, दिवे घालवले. आधी राखाडीच होतं, आई म्हणाली हा ढग नव्हे, मला सांगितलंय. मग हिरवं झालं आणि आईने दोन्ही जाड हातमोजे काढून हात जोडले. उणे १९ मध्ये उघडे हात! गाईड धावतच आली, तिला वाटलं काही दुखलं-खुपलं, मी सांगितलं ती नमस्कार करतेय. ती काही न बोलता आईशेजारी उभी राहिली आणि आईचं झाल्यावर तिनेच मोजे पुन्हा चढवून दिले. आईने त्याच रात्री सांगलीला मावशीला फोन लावला, भारतात तेव्हा पहाट, आणि म्हणाली, "अगं, शाळूच्या रानात वारा कसा फिरतो, तसं अख्खं आभाळ."

आता मावशीला यायचंय पुढच्या मार्चला. तिच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालंय त्यामुळे स्लेजचे धक्के नकोत. रेनडिअरच्या गाडीतून रात्री कुणी गेलं असेल तर लिहा, ती किती हळू जाते आणि आत पाय लांब करता येतात का.