‘नारायण सुर्व्यांचे तुम्ही कोण?’ – आडनावाचे अनुभव लिहा

माझं आडनाव सुर्वे. कवितेशी संबंध दहावीच्या मार्कांपुरता. तरी पहिल्या नोकरीच्या मुलाखतीत समोरच्या साहेबांनी अर्ज पाहिला, चष्मा काढला नि विचारलं, "नारायण सुर्व्यांचे कोण?" मी खरं ते सांगितलं, "कुणी नाही." साहेबांचा चेहरा पडला. नोकरी मिळाली, पण पुढची चार वर्षं ते मला ‘कविराज’च म्हणायचे. त्यानंतर हाच प्रश्न बँकेत, दवाखान्यात, एकदा तर मुलगी बघायला गेलो तिथंही आला.

गंमत अशी की रक्ताचं नातं विचारायचं तर खुद्द कवी नारायण सुर्वेही कुणा सुर्व्यांचे कुणीच नव्हते. १९२६ च्या सुमारास गंगाराम सुर्वे नावाच्या गिरणी कामगाराला मुंबईत टाकून दिलेलं तान्हं पोर सापडलं. त्यांनी ते घरी आणलं, काशीबाईंच्या ओटीत घातलं आणि आपलं नाव लावलं. गिरणीतल्या पगारावर आधीच ओढाताण असलेलं ते घर. कुणी विचारायला आलं नव्हतं, कुणी भाग पाडलं नव्हतं.

म्हणून हा धागा. तुम्ही सुर्वे असाल, सुर्व्यांकडे दिलेल्या असाल, नारायण सुर्वे मास्तरांना कुठे ऐकलं-पाहिलं असेल तर लिहा. दुसऱ्या कुठल्या आडनावानं तारलं, नडलं, तेही चालेल. जातीवरून कुस्ती मात्र नको.

०००

लालबागच्या आमच्या चाळीत चार सुर्वे होते, त्यातल्या दोघांची अद्याक्षरंही एकच. पोस्टमन खालूनच ओरडायचा, "सुर्वे, गिरणी कुठली?" गिरणीचं नाव जुळलं की मगच पत्र.

एकदा बाबांनी गावी आजीला पाठवलेल्या मनीऑर्डरची पोच चुकून दुसऱ्या सुर्व्यांकडे गेली. पोचेवर सहीच्या जागी अंगठा, निळ्या शाईत बुडवून इतका दाबलेला की रेषा दिसण्याऐवजी नुसता डाग. त्या काकूंनी तो डाग बघितला आणि नवऱ्याला धरलं, "ही कोण अंगठेबहाद्दर, जिला तुम्ही पैसे पाठवता?" काका नुकतेच रात्रपाळी करून झोपलेले. अर्धा मजला गोळा झाला. शेवटी आईनं जाऊन सांगितलं, "अहो, तो आमच्या सासूबाईंचा अंगठा."

बाबा तिसरी शिकलेले. १८ जानेवारी १९८२ ला गिरण्यांचा संप सुरू झाला आणि ते घरी बसले ते बसलेच. त्या दिवसांत संध्याकाळी गॅलरीत कुणीतरी पेपर मोठ्यानं वाची, कुणी मास्तरांच्या कविता म्हणे. मी कॉलेजात होते. मला वाटायचं की बाबांना अर्थ सांगावा. एकदा सुरुवात केली तर म्हणाले, "अर्थ राहू दे. तू वाच. ह्याला भोंगा ठाऊक आहे." त्यापलीकडे त्यांनी कुठल्याही कवीबद्दल कधी मत दिलं नाही.

०००

मला बोलावताना सगळे ‘मिस्टर सर्व्हे’ म्हणतात. इंग्रजीत लिहिलं की फोन आपणहून शेवटी एक अक्षर जोडतो. गेल्या वर्षी कंपनीच्या ईमेलमध्ये माझं नाव ‘सर्व्हे’ असं गेलं आणि अकरा जणांनी मला प्रश्नावली भरून पाठवली. कवीचं सोडा, इथं माणूस आहे हेच पटवून द्यावं लागतं.

०००

आम्ही संगमेश्वर तालुक्यातले. त्यामुळे आमच्याकडे आडनाव हा थट्टेचा विषय नाही. शृंगारपूरचे सुर्वे हे जुनं घराणं. १६६१ साली शिवाजी महाराजांनी शृंगारपूर घेतलं, तिथले सूर्यराव सुर्वे पळून गेले. आमचे काका हे सांगताना अजून मिशीला हात लावतात. घराणं हरलं एवढा तपशील तेवढा गाळतात.

काकांनी वंशावळीचा मोठा तक्ता केलेला. मी आठवीत असताना विचारलं, "यात नारायण सुर्वे कुठे?" काकांनी पट्टी खाली ठेवली. "ते आपल्यातले नव्हेत. सापडलेलं पोर ते." विषय संपला.

१९९८ ला मास्तरांना पद्मश्री मिळाली. त्या आठवड्यात मुंबईत भाऊबंदांची बैठक होती. काका उठले आणि म्हणाले, "आपल्या कुळाचं भूषण! मंडळानं सत्कार केलाच पाहिजे." टाळ्या पडल्या. सत्कार काही झाला नाही, वर्गणी जमली नाही. पण घरी आल्यावर मी तक्ता उघडून बघितला. डाव्या कोपऱ्यात, कुठल्याच फांदीला न जोडता, पेन्सिलीनं बारीक अक्षरात लिहिलं होतं : नारायण. खाली गंगाराम. पुसता येईल इतपतच दाबून.

काका वारले. तक्ता माझ्याकडे आहे. पेन्सिलीवर शाई फिरवायची की नाही ते ठरत नाही. आणि गंगाराम नेमके कुठल्या वाडीचे, ते काकांनी कधी शोधलंच नाही. कोकणातले होते, म्हातारपणी गावी परतले आणि कोवळा नारायण मुंबईत एकटा राहिला, एवढंच आम्ही ऐकून. मला मात्र आता कवीपेक्षा त्या माणसाबद्दल जास्त विचारावंसं वाटतं.

०००

परभणी. १९९५ चं साहित्य संमेलन आमच्याकडे झालं, अध्यक्ष नारायण सुर्वे. माझे वडील जिल्हा परिषदेच्या शाळेत शिपाई होते. मला घेऊन गेले. मी बारा वर्षांचा, भाषणातलं एक अक्षर आठवत नाही. पाय दुखत होते, तहान लागली होती. वडील मात्र टाचा उंचावून उभे. मधेच खाली वाकून म्हणाले, "ध्यानात ठेव, हा माणूस शाळेत शिपाई होता. मग परीक्षा देऊन मास्तर झाला."

परतताना पुस्तकांच्या गाळ्यावर ‘माझे विद्यापीठ’ घेतलं. नेहमी घासाघीस करणारा माणूस, दिले गपचूप पैसे. पहिल्या पानावर स्वतःचं पूर्ण नाव लिहिलं, नावापुढे ‘शिपाई’ लिहिलं. हुद्दा लिहिलेला मी त्याआधी कधी पाहिला नव्हता, पगारपत्रक सोडून.

०००

मी माहेरची सुर्वे, सासरचं नाव लावलं नाही. त्यामुळे ‘सुर्वे बाई’ म्हटलं की लोक मला अजून नवऱ्याच्या आडनावानं दुरुस्त करतात.

एक तक्रार मांडते. मास्तरांच्या पत्नी कृष्णाबाई यांचं आत्मकथन आहे, ‘मास्तरांची सावली’. वाचाच. पण नाव वाचून मला दर वेळी खुपतं. पुस्तकभर ती बाई घर रेटतेय आणि नावात मात्र सावली! मान्य, त्या काळी असंच म्हणत. तरी मी आईजवळ हे बोलले तर आई म्हणाली, "अगं, उन्हात उभं राहणाऱ्यालाच सावली पडते. दोघं उन्हात होते." आईपुढे वाद घालण्यात अर्थ नसतो.

आता १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात आधी मुलाचं, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव असा सरकारी क्रम आलाय. माझी भाची त्या जूनमधली. फॉर्मच्या चौकोनांत तिचं नाव मावेना. भाऊ म्हणाला, "माझं नुसतं अद्याक्षर टाकू." वहिनीनं आनंदानं पेन पुढे केलं!

०००

आमचं आडनाव वेगळं, पण लिहितोय. आम्ही मुलगी दत्तक घेतली आहे. कोर्टाचे, जन्मदाखल्याचे सगळे कागद रीतसर. शाळेत प्रवेश घ्यायला गेलो तर खिडकीतल्या माणसानं कागद उलटसुलट केले आणि आवाज खाली आणून विचारलं, "मुलीचं खरं आडनाव?" बायको गप्प झाली. मी चिडलो, आवाज चढला, मागची रांग ऐकत राहिली. माझ्या हातून जरा जास्तच झालं.

रात्री मित्रानं अरुण खोपकरांच्या माहितीपटाबद्दल सांगितलं. मी नाव पुन्हा विचारलं. ‘नारायण गंगाराम सुर्वे’. पूर्ण नाव, मधल्या गंगारामासकट. ते मधलं नाव मी दहादा म्हणून बघितलं असेल. मुलगी आता अकरावीत आहे, सही करते ती माझ्या नावाचं अद्याक्षर एवढं मोठं काढते की आडनावाला जागा उरत नाही. तिला काही सांगायला जावं तर म्हणते, "बाबा, तुम्ही फार विचार करता."

०००

मी मुंबईत महापालिकेच्या शाळेत एकतीस वर्षं होतो. मास्तर आमच्या आधीच्या पिढीतले, पण त्याच खात्यातले, त्याच रजिस्टरांतले, म्हणून जास्त जवळचे. १९६२ ला ‘ऐसा गा मी ब्रह्म’ आलं तेव्हा ते प्राथमिक शिक्षक होते. लोक पुरस्कार मोजतात, सोव्हिएत लँड नेहरू, कबीर सन्मान, जनस्थान. मला त्यांचं नवल वाटतं ते वेगळ्या कारणानं. सकाळी हजेरी घेऊन, पटसंख्येचे तक्ते भरून, संध्याकाळी युनियनचं काम करून माणूस लिहितो कधी?

‘तुमचंच नाव लिवा’ ही कविता अनेकांना माहीत असेल. पोराला शाळेत घालायला आलेली बाई, बापाच्या नावाचा प्रश्न आणि मास्तर. ती मी नोकरीला लागण्याआधी वाचली होती आणि चांगली वाटली होती. चांगली म्हणजे काय, कविता म्हणून चांगली.

पुढे १९८७ च्या जूनमध्ये माझ्यापुढे जनरल रजिस्टर नंबर एक उघडं आणि समोर तशीच एक बाई. पोरगा तिच्या मागे लपलेला, हातात पाटी. जनरल रजिस्टर ज्यांनी भरलंय त्यांना ठाऊक असेल. तिथं लिहिलेलं नाव पोराला जन्मभर पुरतं. दाखला त्यावरून, परीक्षेचा फॉर्म त्यावरून. खाडाखोड चालत नाही, बदलायचं तर राजपत्रापर्यंत जावं लागतं. बापाचं नाव तिनं पटकन सांगितलं. खरं-खोटं मी विचारलं नाही. आडनाव विचारलं तेव्हा म्हणाली, "ते नाही हो."

कविता आठवली नाही. खोटं कशाला बोलू? डोक्यात एवढंच आलं की रकाना मोकळा ठेवला तर मुख्याध्यापक बोलतील. विचारलं, "गाव कुठलं?" तिनं सांगितलं. मी गावाला ‘कर’ जोडलं आणि लिहून टाकलं. तिला वाचून दाखवलं. तिनं ते दोन-तीनदा तोंडात घोळवलं, मग पोराला पुढे ओढून म्हणाली, "सांग सरांना, नाव सांग." तो अडखळला. परत म्हणायला लावलं. तिसऱ्यांदा जमलं.

घरी आल्यावर कविता काढून वाचली. झोप लागली नाही.

निवृत्तीनंतर एक दिवस दारात एक उंच तरुण उभा, हातात पत्रिका. मी ओळखलं नाही. त्यानं नाव सांगितलं तेव्हाही लगेच लक्षात आलं नाही. मग पत्रिकेवर सोनेरी अक्षरात ते आडनाव दिसलं, पुढे ‘परिवार’. घाईत, शाईचा डाग पडू नये म्हणून टीपकागद हातात धरून जुळवलेली ती तीन-चार अक्षरं. गावाचं नाव इथं देत नाही.

०००

सर, एक विचारू? पत्रिकेत निमंत्रक म्हणून कुणाचं नाव होतं?

०००

आईचं. आडनाव तेच लावलं होतं तिनं.