भरीव ठिपका डाव्या टोकाला कसा गेला?

प्रश्न
भाचीला बीजगणित शिकवतोय. माझी शाळा सुटून बराच काळ लोटला, त्यामुळे तिच्या शंका आता माझ्याही झाल्यात. उदाहरण असं: −३ < ५ − २क्ष ≤ ९. तिन्ही भागांतून ५ वजा केले, −८ < −२क्ष ≤ ४ आलं. मग −२ ने भागून ४ > क्ष ≥ −२. पुस्तकात −२ ≤ क्ष < ४ दिलंय, दोन्ही एकच हे तिला पटलं. पण ती अडून बसलीये: बरोबरीचं चिन्ह उजवीकडे ९ पाशी होतं, मग संख्यारेषेवर भरीव ठिपका डाव्या टोकाला कसा?

दुसरं, २क्ष + १ < −३ किंवा ३क्ष − ४ ≥ ५. उत्तर क्ष < −२ किंवा क्ष ≥ ३. हे ३ ≤ क्ष < −२ असं एका ओळीत का लिहायचं नाही? 'चालत नाही म्हणून' हे उत्तर बाईसाहेबांना चालत नाही!

प्रतिसाद १
रास्त शंका आहे. 'ऋण संख्येने भागलं की चिन्ह उलटतं' हे सगळे पाठ करून घेतात, पण टोकांची अदलाबदल होते हे फारसं कोणी सांगत नाही. २ < ५, पण −२ > −५. ऋण चिन्ह लावलं की सगळी रेषाच शून्याभोवती फिरते, डावीकडचं उजवीकडे जातं.

तिला वेगळं विचारून बघा: ५ − २क्ष ची किंमत ९ कधी होते? क्ष = −२ असताना. ९ ला परवानगी आहे, म्हणून −२ वर भरीव ठिपका. −३ कधी होते? क्ष = ४ असताना. −३ ला परवानगी नाही, म्हणून ४ वर पोकळ. क्ष वाढत गेला की ५ − २क्ष घटत जाते, मग मोठी किंमत डाव्या टोकालाच मिळणार ना?

आता दुसरं. एका ओळीत लिहिलं की त्याचा अर्थ 'आणि' होतो. ३ ≤ क्ष < −२ म्हणजे क्ष हा ३ किंवा त्याहून मोठा आणि त्याच वेळी −२ पेक्षा लहान. अशी एकही संख्या नाही. शिवाय त्या ओळीतून ३ < −२ असं निघतं. दोन्ही अटींच्या रेघा संख्यारेषेच्या वर वेगवेगळ्या काढायला लावा. 'आणि' असेल तर दोन्ही रेघा जिथे एकावर एक येतात तेवढाच भाग घ्यायचा; 'किंवा' असेल तर निदान एक रेघ आहे तो सगळा. इथे −२ वर पोकळ ठिपका आणि डावीकडे बाण, ३ वर भरीव ठिपका आणि उजवीकडे बाण, मधला भाग कोरा.

प्रतिसाद २
मी तर ऋण संख्येने भागतच नाही. ५ − २क्ष ≤ ९ मध्ये २क्ष उजवीकडे नेला की −४ ≤ २क्ष, म्हणजे −२ ≤ क्ष. दुसऱ्या अर्ध्यातून २क्ष < ८, क्ष < ४. काही उलटवायला नको.

अशी फोड करायची सवय पुढेही कामाला येते. क्ष < २क्ष + ३ < ४क्ष − १ घ्या. तिन्ही भागांतून काहीही वजा केलंत तरी क्ष फक्त मधल्या भागात उरत नाही, टोकाला कुठेतरी राहतोच. तोडून सोडवा: पहिल्यातून क्ष > −३, दुसऱ्यातून क्ष > २. दोन्ही हवेत, म्हणून क्ष > २.

प्रश्नकर्ता
९ ची किंमत शोधून बघितल्यावर ठिपक्याचा वाद मिटला. आता तिने स्वतःच एक बनवलंय: क्ष > १ किंवा क्ष < ५. दोन बाण काढले तर सगळी रेषाच भरली, आणि ती म्हणते मामा, काहीतरी गडबड आहे.

प्रतिसाद १
काही गडबड नाही, उत्तर तेच: सगळ्या वास्तव संख्या. १ आणि ५ वर ठिपकेसुद्धा नकोत, कारण १ हा ५ पेक्षा लहान आहे आणि ५ हा १ पेक्षा मोठा, म्हणून दोघेही आत आले. आता तिला फक्त 'किंवा' खोडून 'आणि' लिहायला सांगा आणि पुन्हा काढू द्या.