मदत हवी आहे: सायकलची बॅटरी विमानातून पुण्याला

चिंगी_इंदूर: शनिवारी इंदूर-पुणे फ्लाइट आहे, ई-सायकलची बॅटरी सोबत न्यायचीय. चेक-इनमध्ये टाकू की केबिनमध्ये? एअरलाइनच्या नंबरवर नुसतं म्युझिक वाजतंय. लवकर सांगा, पॅकिंग अडलंय.

वायरमन: केवढी आहे?

चिंगी_इंदूर: सायकलची हो, असते तेवढी.

फिरस्ता: सुटी लिथियम बॅटरी चेक-इनमध्ये चालतच नाही, केबिनमध्येच न्या. मी ड्रोनच्या नेहमी नेतो, टोकांना चिकटपट्टी लावायची, प्रत्येक वेगळ्या पिशवीत, कोणी काही म्हणत नाही.

वायरमन: फिरस्ता, तुमची ड्रोनची १४.८ व्होल्ट, ५ एएच (अँपिअर-अवर) धरली तरी गुणाकार ७४ वॉट-अवर. १०० पर्यंत मुभा आहे, १६० पर्यंत एअरलाइनला विचारून, त्याही दोनच. पुढे बंद. ताई, लेबल वाचा.

चिंगी_इंदूर: ३६ व्होल्ट, १०.४ एएच

वायरमन: म्हणजे ३७४. ना केबिन, ना चेक-इन.

मंदाकाकू: पॉवर बँकपण हातातल्या बॅगेतच ठेवायची बरं का, २०००० एमएएचची चालते.

फिरस्ता: मग एअर कार्गोनं पाठवा की.

वायरमन: नुसती लिथियम-आयन बॅटरी प्रवासी विमानाच्या कार्गोत १ एप्रिल २०१६ पासून बंद आहे. फक्त मालवाहू विमानानं, तीही ३० टक्क्यांपेक्षा जास्त चार्ज नको, वर कागदपत्रं.

गराडूप्रेमी: तेवढ्या वजनात लौंग सेव न्या, पुणेकर दुवा देतील 😄

तोपखान्यातला: भिया, एवढं काय त्यात, रात्रीच्या ट्रॅव्हल्सच्या डिकीत टाका, ओळखीचा ड्रायव्हर आहे आपला.

वायरमन: पण पुण्याला नेताय कशाला?

चिंगी_इंदूर: दुरुस्तीला, दुसरं कशाला! एका बाजूनं फुगलीय, चार्जिंगला लावली की हात लावता येत नाही. सर्व्हिस सेंटर तिकडेच आहे.

वायरमन: अहो मग एवढा वेळ वॉट-अवर काय मोजत बसलो आपण! फुगलेली बॅटरी विमानात नाहीच, शंभराच्या आतली असली तरी. आत शॉर्ट झाला की एक सेल तापून शेजारचा पेटवतो. डिकीत तर मुळीच नको, वर माणसं झोपलेली असतात. चार्जिंग आत्ता बंद करा, घराबाहेर फरशीवर ठेवा, पडदे-लाकूड जवळ नको.

फिरस्ता: उगाच घाबरवू नका, माझ्या जुन्या फोनची कधीची फुगलीय, ड्रॉवरमध्ये पडलीय.

वायरमन: फोनची १५ वॉट-अवर, ही पंचवीस पट. आणि तुमचीही काढा ड्रॉवरमधून.

चिंगी_इंदूर: गॅलरीत ठेवली. पण वॉरंटी संपत आलीय त्याचं काय??

वायरमन: लेबलचा, फुगल्याचा फोटो आजच मेल करा म्हणजे तारीख राहील. न्यायची कशी ते कंपनीला ठरवू दे.

तोपखान्यातला: जेल रोडवर एक जण सेल बदलून देतो, नंबर देऊ?

वायरमन: वॉरंटीतली उघडायला लावताय?