गणपतीच्या फोटोंवर माटवीतले स्टिकर: पांढरा चौकोन, अक्षरांत रेघा आणि कापलेली प्रिंट

मधली आळी (वेंगुर्ले):
घरच्या गणपतीच्या फोटोंवर माटवीतल्याच (मूर्तीच्या वर फळं-फुलं टांगायची चौकट) वस्तूंचे स्टिकर लावायचे आहेत. तेरडा, कवंडळ (रानफळ), आंब्याचा टाळा (पानांची डहाळी), नारळ, सोबत उकडीचे मोदक. गॅलरीतल्या तयार स्टिकरांत वाढदिवसाच्या टोप्या नि बदाम, त्यांचा इथे काय उपयोग? फोन सॅमसंगचा आहे. अडचणी अशा:

तेरड्याचे स्टिकर मुंबईहून चुलतभावाने कापून पाठवले. फोटोवर ठेवले की भोवती पांढरा चौकोन येतो, एकाला तर काळा. दुसरं, 'गणपती इले' असं ठळक अक्षरांत, पांढऱ्या किनारीने लिहिलं की प्रत्येक अक्षराच्या जोडावर उभी रेघ दिसते. तिसरं म्हणजे चाकरमानी परत निघताना ४×६ च्या प्रिंट द्यायच्या आहेत, आणि त्यात स्टिकर धुरकट येतात नि कडेचे अर्धे कापले जातात. पैसे भरायचं अ‍ॅप नको.

कवंडळ:
चौकोनाचं कारण भावाची कापाकापी नाही, पाठवायची पद्धत आहे. पारदर्शक भाग पीएनजी किंवा वेबपी अशा फाइलमध्ये टिकतो. जेपीजीमध्ये पारदर्शक असं काही नसतंच. व्हॉट्सअ‍ॅपवर 'फोटो' म्हणून पाठवलं की पीएनजीची जेपीजी होते आणि रिकामी जागा पांढऱ्याने किंवा काळ्याने भरली जाते. त्याला सांगा, क्लिपचं चिन्ह दाबून 'डॉक्युमेंट' निवड आणि तिथून फाइल पाठव. आलेल्या फाइलच्या नावाशेवटी पीएनजी आहे ना, ते बघून घ्या.

नेटवरून 'पारदर्शक' म्हणून उतरवलेल्या चित्रात करड्या-पांढऱ्या चौकटी दिसत असतील तर ती चौकटींसकट छापलेली जेपीजी आहे. सोडून द्या.

खाजणकाठ:
भावाची वाट कशाला बघता, वस्तू घरात आहेत. फोटो नीट काढला तर कापायचं काम फोनच करतो.

भाद्रपदातलं ढगाळ ऊन यासाठी उत्तम, सावली कडक पडत नाही. पडवीत, दाराच्या बाजूला बसा. फ्लॅश बंद. खाली एकरंगी पुठ्ठा हवा: तेरडा आणि कवंडळाला पांढरा, मोदकाला गडद निळा किंवा काळा. वस्तू आणि पुठ्ठा यांच्या रंगात जितका फरक, तितकी कड स्वच्छ सुटते. फोन अगदी जवळ नेऊ नका. दोनेक फुटांवर धरून २एक्स वर काढा. जवळून काढलं की मधला भाग फुगतो आणि मागची टोकं धूसर होतात, मग कापताना फोन तीच टोकं सोडून देतो. तेरडा उपटल्यावर लगेच मान टाकतो, म्हणून त्याचा नंबर पहिला.

आता गॅलरीत फोटो उघडून वस्तूवर बोट दाबून धरा. वस्तूभोवती उजळ रेषा फिरते. बोट उचललं की कॉपी, शेअर आणि इमेज म्हणून सेव्ह, असे पर्याय येतात. सेव्ह करा, पीएनजी तयार. स्वस्तातल्या काही मॉडेलमध्ये ही सोय नसते. तिथे रिमूव्ह डॉट बीजी ही साइट वापरता येते, पण फुकटातली फाइल पाव मेगापिक्सेलची, म्हणजे ढोबळमानाने ५००×५००. स्टेटसला पुरते, प्रिंटला फक्त छोट्या स्टिकरसाठी.

फसतं ते बारीक फटींमध्ये. आंब्याच्या टाळ्यात पानांमधली जागा तशीच पांढरी राहते, नारळाच्या शेंडीचे केस एकतर गायब होतात किंवा त्यांचा गोळा होतो. टाळ्यातल्या फटी खोडरबराने हाताने पुसाव्या लागतात, फोटो चारपट मोठा करून. शेंडीसाठी मात्र झटू नका. नारळ थोडा तिरका ठेवून शेंडी मागे घ्या, प्रश्न मिटला.

मधली आळी:
मोदक केळीच्या पानासकट कापला जातोय. आणि कळ्या सपाट दिसतात.

खाजणकाठ:
पानावर ठेवलात म्हणून. फोनला मोदक आणि पान मिळून एकच वस्तू वाटते. स्टीलच्या ताटातही नको, ताटाची चकाकी मोदकाच्या बुडाला चिकटून येते. गडद पुठ्ठ्यावर एकच मोदक ठेवा, उजेड एकाच बाजूने येऊ द्या आणि दुसऱ्या बाजूला काही पांढरं ठेवू नका, म्हणजे प्रत्येक कळीच्या आड बारीक सावली पडते. फोटो काढण्याआधी स्क्रीनवर मोदकाला बोट लावून उजेड जरा खाली ओढा, नाहीतर पांढऱ्यात पांढरं मिसळून जातं. नि वाफ पूर्ण जाऊ दे, भिंग धुकटतं.

आयफोनवाली:
घरात कुणाकडे आयफोन असेल तर: एक्सएस, एक्सआर किंवा त्यापुढचा फोन आणि आयओएस १७ हवं. वस्तू दाबून धरा, 'अ‍ॅड स्टिकर'. तिथेच पांढरी किनार देता येते. फोटोवर लावायला एडिट, मग पेनाचं चिन्ह, मग अधिकचं (+) चिन्ह, मग स्टिकर. बाकी फोटो काढायची पद्धत वर सांगितली तीच.

शिरोरेषा:
अक्षरांबद्दल. बरीच अ‍ॅपं किनार प्रत्येक अक्षराला वेगळी देतात, म्हणून 'ग'ची किनार 'ण'वर चढते आणि शिरोरेषा तुटल्यासारखी दिसते. पिक्सेललॅब या अ‍ॅपमध्ये (फुकट आहे, जाहिराती सोसाव्या लागतात) तोच मजकूर दोनदा घ्या. खालच्या प्रतीला जाड पांढरी किनार, वरची प्रत बिनकिनारीची, दोन्ही बरोबर एकावर एक. रेघा वरच्या प्रतीखाली झाकल्या जातात. आणि अक्षरांमधलं अंतर वाढवायची पट्टी शून्यावर ठेवा. इंग्रजीला ती शोभते, देवनागरीत शिरोरेषेचे तुकडे करते.

फाँट युनिकोडच हवा. जुन्या डीटीपीच्या (छपाईसाठी संगणकावरच्या अक्षरजुळणीच्या) फाँटांत इंग्रजी कळांवर मराठी आकार बसवलेले असतात. मोबाइलच्या कीबोर्डवरून टाइप केलेलं मराठी त्यांत उमटत नाही. गूगल फाँट्सवर बलू २, मुक्ता, यात्रा वन फुकट आहेत. टीटीएफ फाइल उतरवून पिक्सेललॅबच्या फाँट फोल्डरमध्ये टाकायची. 'मोदक' नावाचाही फाँट आहे. नाव बघून मोह होईल, पण तो इतका गुबगुबीत आहे की लहान आकारात अक्षरांच्या पोटातली जागा बुजते. दोन शब्दांचं मोठं 'इले रे इले' असेल तरच घ्या. मराठी वळणाचे ल आणि श हवे असतील तर तिरो देवनागरी मराठी. कुठलाही फाँट घेतल्यावर 'श्री', 'कृपा', 'तऱ्हा' हे तीन शब्द टाइप करून बघा. 'ऱ्ह' नीट आला तर बाकीचं सहसा येतंच.

कवंडळ:
एक भर: स्टिकर चॅटमध्येही वापरणार असाल तर व्हॉट्सअ‍ॅपचं माप ५१२×५१२ पिक्सेल, वेबपी फाइल, स्थिर स्टिकर १०० केबीच्या आत. चारही बाजूंनी १६ पिक्सेल मोकळे आणि ८ पिक्सेलची पांढरी किनार, म्हणजे काळ्या पडद्यावरही वस्तू उठून दिसते. पण ती लहान प्रत वेगळी करा. मूळ मोठी पीएनजी पुसू नका.

खाजणकाठ:
किनार चॅटपुरती ठीक. मूर्तीच्या फोटोवर प्रत्येक फुलाला पांढरी किनार दिली तर आरास मागे पडते आणि कात्रणांची वही पुढे येते. तिथे किनारीऐवजी हलकी सावली द्या, आणि समईचा उजेड डावीकडून असेल तर सावली उजवीकडे.

चार बाय सहा:
प्रिंटचा घोळ गुणोत्तराचा आहे. फोनचा फोटो ४:३, म्हणजे ४०००×३०००. ४×६ चा कागद ३:२. लॅबवाला कागद भरायला ३००० चे २६६७ करतो, म्हणजे आडव्या फोटोत वरखाली पाव-पाव इंच जातो. उभ्या फोटोत डावी-उजवी बाजू. माटवीचे स्टिकर साहजिकच वरच्या कडेला लावलेले, तेच कापले जातात. म्हणून क्रम असा ठेवा: आधी ३:२ मध्ये क्रॉप, मग उजेड-रंग, शेवटी स्टिकर. रंग नंतर बदललात तर स्टिकरही पिवळे पडतात. क्रॉपनंतरही कडेपासून शंभरेक पिक्सेल सोडा, यंत्र कापताना थोडं इकडेतिकडे होतं.

धुरकटपणाचा हिशोब सोपा आहे. चांगल्या प्रिंटला इंचामागे ३०० पिक्सेल. चॅटचा ५१२ चा स्टिकर कागदावर जेमतेम पावणेदोन इंच स्वच्छ दिसेल. ताणून तीन इंच केलात तर इंचामागे १७० उरतात आणि कड फुटते. एका टाळ्याने वरची पूर्ण बाजू भरायची असेल तर मूळ पीएनजी किमान १८०० पिक्सेल रुंद हवी. फुकट साइटवरून कापलेली तिथे चालणार नाही, गॅलरीतून कापलेली असेल तर तिची रुंदी आधी बघून घ्या.

सेव्ह करताना पिक्सेललॅबमध्ये मोजमाप बघा, ४०००×२६६७ च्या आसपास असलं पाहिजे. लॅबला व्हॉट्सअ‍ॅपवर साधा फोटो म्हणून पाठवला तर लांब बाजू साधारण १६०० वर येते. आकडा ४×६ ला तसा वाईट नाही, पण फाइल दाबली गेल्याने स्टिकरच्या कडेला आणि लाल कवंडळाभोवती रवाळ ठिपके येतात. डॉक्युमेंट म्हणून पाठवा किंवा पेनड्राइव्हवर न्या.

मधली आळी:
हीच फाइल स्टेटसला लावली तर?

चार बाय सहा:
नको, वेगळी करा. १०८०×१९२० चा उभा कॅनव्हास घ्या, वरचे २५० आणि खालचे ३४० पिक्सेल मोकळे सोडा. वर नाव येतं, खाली उत्तराची पट्टी. मूर्तीचा फोटो मध्ये, माटवी २५० च्या खाली.