सोन्याची काच लावूनही मोझॅक काळपट का दिसतं? (मरियामाता आणि बाळ येशू, 2 × 3 फूट)

गोदाकाठ
नाशिकरोडच्या एका छोट्या प्रार्थनागृहासाठी बायझंटाइन (पूर्व रोमन साम्राज्याच्या) पद्धतीचं, काच-दगडाच्या चिपांचं मोझॅक करायचं आहे. जागा जमिनीपासून 7 फुटांवर. आधी फळीवर नमुना केला: चिपा कागदावर उलट्या चिकटवून सिमेंटमध्ये दाबल्या, वरून पांढरं ग्राउट भरलं. सोनं अस्सल, काचेतल्या वर्खाचं. तरी बाकावरून पार्श्वभूमी काळपट दिसते आणि एका ठरावीक जागी उभं राहिलं की पत्र्यासारखी चमकते. चेहरा तर फरशीच्या तुकड्यांचा वाटतो. चुकतंय कुठे?

चुना-सुरखी
सोन्यात खोट नाही, पृष्ठभाग सपाट झालाय. उलट्या पद्धतीत सगळ्या चिपा एका पातळीत येतात, म्हणजे तो एक मोठा आरसाच. उजेड एकाच दिशेला फेकतो, बाकी सगळीकडून काळा. बायझंटाइन कारागीर ओल्या चुन्यात एकेक चिप हाताने बसवत. प्रत्येकीचा कल जरा निराळा, आणि उंचावरच्या सोन्याच्या चिपा बऱ्याचदा खाली, बघणाऱ्याकडे झुकवलेल्या. माणूस चालू लागला की उजेड एका चिपेवरून दुसरीवर सरकतो. सगळी जादू त्यात आहे.

कल असा काढा. आरशाचा नखाएवढा तुकडा कणकेच्या गोळीवर बसवून नेमक्या जागी भिंतीला लावा. बाकावर कुणाला तरी बसवा आणि त्याला तुकड्यात खिडकी किंवा दिवा दिसेपर्यंत तो फिरवा. तोच मूळ कल. चिपा त्याच्या आसपास 5–10 अंश कमीजास्त ठेवा.

ग्राउट भरूच नका. पांढऱ्या रेषांशेजारी सोनं मरतं. चिप दोन-तृतीयांश बुडवली की दाबाने वर येणारा चुना पुरतो. सोन्याखालच्या ओल्या थरावर गेरू किंवा पिवळी माती फिरवा, म्हणजे फटींतूनही ऊब दिसते.

भिंतीवरचा ऑइल पेंट पूर्ण काढा, टाचे मारा, भिंत भिजवा. खालचा थर: मुरवलेला चुना 1, सुरखी (विटांची भुकटी) आणि वाळू मिळून 2.5. वरचा 10–12 मिमी: चुना 1, संगमरवराची भुकटी 2. दिवसभरात भरून होईल तेवढाच भाग लिंपा.

रंगपेटी
चेहऱ्याबद्दल. तिथे चिपा 3–5 मिमीच्या हव्यात, पार्श्वभूमीला 8–10 चालतात. त्वचेसाठी काचेपेक्षा संगमरवर आणि रंगीत दगड बरे, काच तिथे उगाच चकाकते. ओळी गालाच्या, नाकाच्या गोलाईने वळवा. आडव्या-उभ्या लावल्या की चौकटी दिसणारच. प्रभामंडळात ओळी वर्तुळाकार. आकृतीच्या कडेने सोन्याच्या दोन-तीन ओळी बाह्यरेषेला धरून, मग पुढे आडव्या.

मरियेच्या चित्राचा प्रकार कोणता निवडलात? होदेगेत्रिया असेल तर बाळ डाव्या हातावर आणि मरियेचा उजवा हात त्याच्याकडे निर्देश करणारा. बाळाच्या एका हातात गुंडाळी, दुसरा आशीर्वादाचा. व्हेनिसजवळच्या टॉर्चेल्लोला अशीच उभी मरिया रिकाम्या सोन्यावर आहे, ती नीट बघा. गालाला गाल लावलेली एलेऊसा, तो वेगळा प्रकार. दोन्ही मिसळू नका. कपाळावर आणि दोन्ही खांद्यांवर एकेक तारा. ग्रीक अक्षरं म्यू-रो आणि थीटा-उप्सिलॉन, म्हणजे ‘मेतेर थेऊ’, देवाची माता.

गोदाकाठ
होदेगेत्रियाच आहे. बाह्यवस्त्र निळं केलंय, चुकलं का? फळीवरचं सोनं परत काढता येईल? श्रावणात भिंतीवर सुरुवात केली तर चालेल?

रंगपेटी
आतलं निळं, वरचं गडद जांभळट-तांबूस ही नेहमीची रीत. पण 867 साली 29 मार्चला अनावरण झालेली इस्तंबूलच्या आया सोफियातली बाळासह बसलेली मरिया गडद निळ्या वस्त्रातच आहे. राहू द्या.

चुना-सुरखी
सोनं काढायच्या फंदात पडू नका. सिमेंट सोडत नाही. उचकटताना वरची पातळ काच सुटते आणि तिच्यासोबत वर्खही जातो.

श्रावणात नको. चुना हवेतला कार्बन डायऑक्साइड घेऊन घट्ट होतो. छिद्रं पाण्याने भरलेली असली की तो आत पोचत नाही आणि थर महिनोन् महिने मऊ राहतो. एप्रिल-मेच्या झळांत उलट होतं, वरून सुकून तडे जातात. दसऱ्यानंतर सुरू करा, रोज काम संपलं की ओलं गोणपाट टांगा. फरशी धुवायचं ॲसिड जवळ आणू नका, ते चुना खातं. तोवर चेहऱ्याचे दगड फोडून छटांप्रमाणे डब्यांत लावून ठेवा. खरा वेळ त्यातच जातो.